ताई, किती वाजले? : पीआरके नंतरचे दहा दिवस आणि एका माणसाचा कंटाळा

माझ्या धाकट्या भावाचं डोळ्यांचं लेझर ऑपरेशन होऊन आता दोन महिने होत आले. ऑपरेशन नीट झालं, चष्मा गेला, त्याबद्दल सांगण्यासारखं फार काही नाही. मला सांगायचंय ते नंतरच्या दहा दिवसांबद्दल, कारण त्या दहा दिवसांत या माणसाला कसं रमवायचं हे खातं माझ्याकडे होतं आणि मी ते आधी साफ चुकवलं, मग डोळ्यांवर बेतल्यावर सुधारलं. तपशिलात लिहितेय कारण "ऑपरेशननंतर काय करायचं" असं विचारलं की सगळे एकच उत्तर देतात, पॉडकास्ट ऐक. मी पण तेच दिलं होतं.

माणूस आणि ऑपरेशन

वय २८, दोन्ही डोळ्यांना मायनस पाचच्या आसपास नंबर. काम व्हिडिओ एडिटिंगचं, म्हणजे दिवसभर स्क्रीन, आणि काम संपलं की डोकं शांत करायला गेमिंग, म्हणजे परत स्क्रीन. पुस्तक वगैरे नाही. गाणी ऐकतो पण दुसरं काहीतरी करताना, नुसतं बसून नाही (हे मी लक्षात घ्यायला हवं होतं, घेतलं नाही).

लेसिक करायचं ठरवून गेला होता पण तपासणीत कॉर्निया, म्हणजे डोळ्याचा समोरचा पारदर्शक पडदा, पातळ निघाली. साधारण माणसाची मधोमध ५४० मायक्रॉनच्या आसपास असते, म्हणजे अर्ध्या मिलिमीटरपेक्षा किंचित जास्त, याची ४९० निघाली. लेसिकमध्ये वरचा शंभर-एकशेवीस मायक्रॉनचा पापुद्रा कापून उचलतात, त्याला फ्लॅप म्हणतात, खाली लेझर मारतात आणि फ्लॅप परत बसवतात, त्यामुळे बहुतेकांना दुसऱ्याच दिवशी बऱ्यापैकी दिसायला लागतं. पातळ कॉर्नियाला हे नको म्हणून डॉक्टरांनी पीआरके सांगितलं. यात फ्लॅप नसतो, सगळ्यात वरचा पेशींचा थर सरळ काढून टाकतात, लेझर मारतात आणि वर बँडेजसारखी एक कॉन्टॅक्ट लेन्स ठेवतात. मग तो थर कडेकडून आत वाढत परत येतो, त्याला चार-पाच दिवस लागतात. शेवटचा रिझल्ट दोन्हीत जवळपास सारखाच, पण पीआरकेत मधले दिवस वाईट जातात. दुखतं, पाणी येतं, उजेड सहन होत नाही, आणि नीट स्थिर दिसायला आठवडे लागतात.

परत येताना गाडीत मात्र स्वारी एकदम मजेत होती, बधिर करायच्या ड्रॉप्सचा असर अजून होता ना. डोळे मिटून मला लेझरची गोष्ट सांगत होता. १९८१ च्या नोव्हेंबरमध्ये अमेरिकेत आयबीएमच्या लॅबमध्ये रंगस्वामी श्रीनिवासन नावाचे शास्त्रज्ञ सणाच्या जेवणातली उरलेली टर्की घेऊन आले आणि तिच्या कूर्चेवर १९३ नॅनोमीटरचा अतिनील लेझर मारून बघितला. कडा अजिबात जळल्या नाहीत, स्वच्छ खाच पडली. साध्या हिरव्या लेझरने तोच प्रकार केला तर करपलं. आज डोळ्यांवर मारतात तो हाच एक्सायमर लेझर. "उरलेल्या टर्कीमुळे माझा चष्मा गेला" असं म्हणत खिदळत होता. दोन-तीन तासांनी असर उतरला आणि मग रात्रभर एक शब्द नाही.

माझी तयारी, आणि ती कुठे फसली

मी तयारी भरपूर केली होती बरं का. त्याच्या फोनवर पॉडकास्टचे चाळीसेक एपिसोड डाउनलोड, तीन ऑडिओबुक, जुन्या सामन्यांची रेडिओ कॉमेंट्री, आणि झोप यावी म्हणून पावसाचा आवाज. खोलीला जाड पडदे, जवळ गॉगल, ड्रॉप्सचं वेळापत्रक मोठ्या अक्षरात भिंतीवर.

पहिली अडचण एकदम फालतू होती. फोन उघडेना. फेस अनलॉकला डोळे उघडे लागतात आणि याचे डोळे मिटलेले आणि वर गॉगल, त्यामुळे प्रत्येक वेळी पिन, पिन टाकायला स्क्रीन बघायची, आणि एकदा स्क्रीनकडे बघितलं की मेसेज दिसतो, मेसेज दिसला की उघडावासा वाटतो. व्हॉइस असिस्टंटला सांगून बघितलं तर त्याने मराठी एपिसोडचं नाव ऐकून कुठल्यातरी भलत्याच माणसाला फोन लावला. मग मी फोनमधला स्क्रीन वाचून दाखवणारा मोड चालू केला, आंधळी माणसं ज्याच्यावर फोन सराईत चालवतात तो. पण त्यात सगळी हाताची भाषा बदलते, एकदा टॅप केलं की फोन फक्त नाव वाचतो, उघडायला डबल टॅप, सरकवायला जास्त बोटं. हे दुखऱ्या डोळ्यांनी, वैतागलेल्या मूडमध्ये शिकायची गोष्ट नाही. ऑपरेशनच्या आठवडाभर आधी रोज दहा मिनिटं सराव केला असता तर सोनं होतं, त्यात स्क्रीन पूर्ण काळी ठेवून फोन वापरायची पण सोय असते.

शेवटी ड्रॉवरमध्ये त्याचा कॉलेजमधला बटणांचा एमपीथ्री प्लेयर सापडला. बटण दाबलं की पुढे, दाबून धरलं की आवाज मोठा. काम झालं. हेडफोन मात्र चालले नाहीत, मोठे घातले की गॉगलची दांडी कानामागे रुतायची आणि रात्री डोळ्यांवर चिकटवायच्या शिल्डची टेप पण ओढली जायची, म्हणून छोटा स्पीकर लावला.

दुसरी अडचण खरी होती. पहिल्या पूर्ण दिवशी सकाळी नऊपासून प्लेयर चालू होता आणि हा दर थोड्या वेळाने विचारायचा, "ताई, किती वाजले?" सुरुवातीला मी नुसती वेळ सांगत होते, मग गंमत म्हणून भिंतीवरच्या कागदावर रेघा मारायला लागले. नऊ ते एक, १४ वेळा. दुसऱ्या सकाळी मी पॉडकास्ट बदलला, रहस्यकथेची मालिका लावली, आवाज-बिवाज एकदम भारी, तरी १७ वेळा. म्हणजे वाढलंच. आणि मधेमधे झोप. अंधारी खोली, सलग एक आवाज, वर दुखण्याची गोळी, दुपारी अडीच तास घोरला आणि रात्री टक्क जागा.

तिसरी रात्र

पहाटे चारला हाक आली. डावा डोळा भाजतोय, काहीतरी चिकटल्यासारखं वाटतंय. आम्ही प्रिझर्व्हेटिव्ह नसलेले वंगणाचे ड्रॉप टाकले, दवाखान्याच्या नंबरवर फोन केला, त्यांनी चोळू नका, लेन्सला हात लावू नका, सकाळी लगेच या म्हणून सांगितलं. चोळायचं नाही हे सांगणं सोपं असतं, तो हाताच्या मुठी करून त्यावर बसला होता अक्षरशः.

सकाळी मशीनखाली बघितलं तर लेन्स जागेवर होती पण कोरडी पडली होती, नशीब एवढंच की खालचा थर ठीक भरत होता. डॉक्टरांनी विचारलं रात्री काय केलं, आणि मग साहेबांनी कबूल केलं. पांघरुणात फोन, ब्राइटनेस सगळ्यात कमी, दीड तास कोणाचातरी गेमचा लाइव्ह व्हिडिओ. मी आपली चिडायच्या तयारीत, पण डॉक्टर शांतपणे म्हणाले की व्हिडिओ बघण्यापेक्षा पापणी न लवणं हा प्रॉब्लेम आहे. आपण एरवी मिनिटाला पंधराएक वेळा पापण्या मिटतो, स्क्रीनमध्ये घुसलो की ते निम्म्यावर किंवा त्याच्याही खाली येतं. कॉर्नियाला रक्तवाहिन्या नसतात, तिचा ऑक्सिजन हवेतून अश्रूंच्या थरात मिसळून येतो, वर आत्ता तिथे जखम आहे आणि जखमेवर लेन्स आहे. तो थर सुकला की सगळंच सुकलं.

गाडीत मी विचारलं, अरे पण चाळीस एपिसोड होते ना तुझ्याकडे? त्याचं उत्तर मला महत्त्वाचं वाटतं म्हणून जसंच्या तसं देते: "ऐकायला होतं गं भरपूर. प्लेयर तेव्हाही चालूच होता. पण हातांचं काय करू?"

म्हणजे हा एकाच वेळी पॉडकास्ट ऐकत होता आणि गेम बघत होता. मी तीन दिवस कानांची सोय करत बसले होते आणि या मुलाचे हात गेली पंधरा वर्षं कधी रिकामे नव्हते, माउस, कीबोर्ड, कंट्रोलर, फोन. रिकामा हात सवयीने फोनकडे जायचा आणि फोन हातात आला की डोळे उघडायचे. कंटाळा हातांना आला होता.

हातांना काम

त्याच दिवशी घरी आल्यावर मी त्याच्यासमोर त्याचाच केबलचा खोका आणून ठेवला. एडिटिंगवाल्या माणसाकडे असतो तसा, आठ-दहा वर्षांच्या वायरींचा एक गोळा. म्हटलं डोळे मिटून सोडव, बोटांनी ओळखून वेगळ्या कर. पहिल्यांदा त्याला वाटलं मी शिक्षा देतेय (थोडी होतीच). पण मग रंगला. यूएसबी-सी ची पिन दोन्हीकडून सारखी गोलसर, जुनी मायक्रो एका बाजूने निमुळती, एचडीएमआयचे खालचे दोन कोपरे कापलेले. एक एक ओळखून नाव घेत होता, मी खरं का खोटं सांगत होते. एक तास चाळीस मिनिटं. तेवढ्या वेळात "किती वाजले" एकदा, आणि तेही ड्रॉपची वेळ झाली का म्हणून. गंमत म्हणजे मागे तीच रहस्यकथा चालू होती आणि या वेळी त्याने ती नीट ऐकली, कोणी कोणाला मारलं ते रात्री मला सांगितलं.

मग डॉमिनोज काढले. हा शोध माझा नाही, आईचा. डॉमिनोच्या सोंगट्यांवर ठिपके रंगवलेले नसतात, कोरलेले खळगे असतात, म्हणजे बोटाने वाचता येतात. २८ सोंगट्या, प्रत्येकीच्या मधोमध एक रेघ, दोन्ही बाजूंना शून्य ते सहा खळगे. पहिला अर्धा तास नुसती चिडचिड, कारण बोटाला पाच आणि सहा एकसारखेच लागतात. मग त्यानेच युक्ती काढली. बोट आधी बरोबर मध्यावर ठेवायचं. मधे खळगा लागला तर एक, तीन किंवा पाच. नाही लागला तर दोन, चार, सहा, नाहीतर कोरी. मग फक्त कोपरे चाचपायचे. दोन डावांत इतका सराईत झाला की सोंगटी उचलता उचलता आकडा सांगायचा. मी डोळे उघडे ठेवून खेळत होते आणि हरत होते.

मांडलेली साखळी चाचपताना सोंगट्या सरकायच्या म्हणून खाली जाड टॉवेल अंथरला, आणि हातातल्या सोंगट्या उभ्या ठेवायला बुटाच्या खोक्याचं झाकण. हे असले बारीकसारीक जुगाड आधी करून ठेवा, नाहीतर खेळ दर मिनिटाला मोडतो. दुपारी चार ते सहा खेळलो, "किती वाजले" दोनदा.

बुद्धिबळ पण करून बघितलं, पट न घेता, तोंडी. १९४७ मध्ये मिगेल नायडॉर्फ नावाचा बुद्धिबळपटू एकाच वेळी ४५ पटांवर न बघता खेळला होता, आम्ही एका पटावर नवव्या खेळीला भांडलो की माझा घोडा नक्की कुठेय. तो बेत तिथेच संपला.

ड्रॉप्सचं गाणं

ड्रॉप्स हा त्या दिवसांतला सगळ्यात कंटाळवाणा भाग. अँटिबायोटिक चार वेळा, स्टिरॉइड चार वेळा, वंगणाचे दर एक-दोन तासांनी, आणि दोन वेगळ्या ड्रॉप्समध्ये पाच मिनिटांचं अंतर, नाहीतर दुसरा पहिल्याला धुऊन टाकतो. ती पाच मिनिटं डोळे मिटून पडून राहायचं, तेव्हा हातात काही देऊन उपयोग नाही कारण हात धुतलेले ठेवायचे. मग ठरवलं की दोन ड्रॉप्सच्या मधे एक गाणं, पाच मिनिटांच्या आसपासचं. गाणं संपलं की दुसरा ड्रॉप, घड्याळ बघायला नको. रोज एकाने निवडायचं, आणि दुसऱ्याने पहिल्या काही सेकंदांत ओळखायचं. बाबांनी एक इतकं लांबलचक लावलं की ड्रॉपची वेळ टळली, तेव्हापासून त्यांना बंदी.

या ड्रॉप्सनीच दिवसाला जरा आकार आला. त्यांच्या आगेमागेच सगळं बसवलं, सकाळच्या ड्रॉपनंतर केबल, दुपारी झोप पण अर्धाच तास आणि उठवायचंच, संध्याकाळी डॉमिनोज, रात्री वाचन.

माणसं

माणसांनी सगळ्यात जास्त मदत केली आणि सगळ्यात जास्त पकवलं पण. सुरुवातीला येणारा प्रत्येक फोन सारखाच, कसंय, दुखतंय का, दिसतंय का. दिवसातून आठ वेळा तीच उत्तरं देऊन पोरगा वैतागला. मग मी त्याच्या मित्रांच्या ग्रुपवर लिहिलं, तब्येत विचारू नका, तब्येत मी सांगेन, तुम्ही काहीतरी सांगा, भांडणं, ऑफिसच्या भानगडी, काहीही. आणि पाळी लावून दिली, संध्याकाळी सातला रोज एक जण. दुसऱ्याच दिवशी एका मित्राने आपल्या घर बदलण्याची कथा सांगायला फोन केला तो पावणेदोन तास चालला, हा पोट धरून हसत होता आणि "किती वाजले"चा कागद कोराच.

वाचन माझ्याकडे होतं. रेकॉर्डेड पुस्तकात आणि समोर बसून वाचण्यात एवढा फरक असेल असं वाटलं नव्हतं. माझा आवाज काही फार चांगला नाही, मधेच अडखळते, पण तो मधे बोलू शकत होता. "थांब थांब, हा मघाचा वकील ना?" असं विचारता येतं, खुनी कोण यावर वाद घालता येतो, आणि हा झोपला तर कळतं, पुस्तक पुढे जात नाही.

लेन्स काढली त्या दिवशी

पाचव्या दिवशी लेन्स काढली. आम्ही सगळे याच दिवसाकडे डोळे लावून होतो आणि तीच चूक झाली. त्याच्या डोक्यात होतं लेन्स गेली की लख्ख दिसणार. प्रत्यक्षात आदल्या दोन दिवसांपेक्षा जास्त धूसर दिसत होतं, अक्षरांना सावल्या. कारण साधं आहे, कडेकडून वाढत आलेल्या पेशी मधोमध भेटतात तिथे एक उंचवटा राहतो, तो हळूहळू सपाट होतो, आणि तो असतो नेमका नजरेच्या समोर. डॉक्टरांनी हे आधी सांगितलं होतं पण ऐकतो कोण. त्या दिवशी डॉमिनोज नाही, गाणं नाही, तोंड पाडून बसला होता. मी पण काही केलं नाही, सगळ्याच गोष्टींवर खेळ काढून चालत नाही. रात्री स्वतःच म्हणाला, वाच ना पुढे.

स्क्रीन परत आली ती सातव्या दिवशी, डॉक्टरांनी हो म्हटल्यावर, आणि फोनच्या आधी टीव्ही. पीआरकेनंतर सुरुवातीला नंबर थोडा पलीकडे, म्हणजे प्लसकडे, झुकलेला असतो, त्यामुळे जवळचं जास्त त्रास देतं आणि लांबचं त्यामानाने सोपं जातं. खोलीच्या दुसऱ्या टोकाचा टीव्ही, दिवा चालू, वीस मिनिटं, मग बंद. त्याने बघायला काय निवडलं तर ज्याचा शेवट माहितीय असं जुनं काहीतरी. मला आधी विचित्र वाटलं, पण बरोबर होतं ते. नवीन थरारक काही लावलं की माणूस पापणी लववायचं विसरतो, पाठ असलेलं बघताना डोळे मिटून पण चालतं. फोन दहाव्या दिवशी, अक्षरं सगळ्यात मोठी करून. गेमिंग तीन आठवड्यांनी, आणि तेव्हाही शेजारी वंगणाचे ड्रॉप.

आता पुढच्या महिन्यात आमच्या मावसबहिणीचं स्माइल आहे, म्हणजे दोन ते चार मिलिमीटरच्या चिरेतून आतली पातळ चकती काढून घेतात ते, फ्लॅप नाही आणि वरचा थर पण खरवडत नाहीत. तिने मला सगळी यादी मागितली. मी म्हटलं तुला एक-दोन दिवसांत दिसायला लागेल, तुला एवढा संसार नकोय, बटणांचा प्लेयर घेऊन जा आणि फेस अनलॉक आधीच बंद कर. प्लेयर दिला. डॉमिनोज मागितले तर भाऊ म्हणाला ते मिळणार नाहीत, शनिवारी मित्र येणारेत, दिवे बंद करून खेळायचंय.